विहिरीत सोडलेला विडा

वसईजवळच्या भुईगावात लिडिया तुस्कानोला कोणी नुसतं लिडिया म्हणत नाही, लिडिया टीचर म्हणतात. शाळेत तिने कधी शिकवलं नाही. पण वर्षानुवर्षं दर रविवारी सकाळच्या मिस्सानंतर चर्चच्या हॉलमध्ये तिने धर्मशिक्षणाचा वर्ग घेतला, आणि आज गावात टक्कल पडलेले, पोट सुटलेले जे कोणी मिरवतात ते सगळे एकेकाळी तिच्यापुढे हाताची घडी घालून बसलेले आहेत. पहिल्या कम्युनियनच्या, म्हणजे चर्चमधल्या पहिल्या प्रसादाच्या आधी फादर मुलांची तोंडी परीक्षा घेत. "तुला कोणी निर्माण केलं?" "देवाने मला निर्माण केलं." तिथे "आईबापांनी" म्हटलेलं चालत नसे, आणि "बहुतेक देवाने" हे तर मुळीच नाही. प्रश्न एक, उत्तर एक, शब्दही तेच. टीचरच्या वर्गातलं एकही मूल त्या परीक्षेत अडखळलं नाही. या गोष्टीचा तिला जेवढा अभिमान होता तेवढा पोटच्या पोरांचाही नव्हता, असं तिचा नवरा वॉल्टर चारचौघांत सांगायचा, आणि ती ते कधी नाकारायची नाही.

पुढचा सगळा घोळ झाला तो याच अभिमानातून.

त्यांचा थोरला केविन लग्नानंतर बायकोबरोबर विरारला फुलपाड्यात राहायला गेला होता. धाकटी एलिसा मुंबईला पीएचडी करत होती. विषय होता, जागतिक धर्म म्हणून ख्रिस्ती धर्माचा अभ्यास. घरात हा विषय समजावताना पोरीची दमछाक व्हायची.

"पप्पा, धर्म तिकडून इकडे कसा आला, हा जुना प्रश्न झाला," ती म्हणायची. "घानात, कोरियात, ब्राझीलमध्ये आणि आपल्या भुईगावात लोकांनी त्याचं काय केलं, तो आपलासा कसा केला, हा आताचा प्रश्न आहे."

"म्हंजे आपन काय केलं ते आपल्यालाच इचारायचं, आनि त्याची डिग्री घ्यायची," वॉल्टर म्हणाला. "बरा धंदा हाय."

लिडिया मात्र हसली नाही. धर्म, प्रश्न आणि परीक्षा हे तीन शब्द एकत्र आले की तिच्यातली टीचर जागी व्हायची.

एलिसाच्या प्रबंधातलं मुख्य प्रकरण लग्नातल्या पाण्याचं होतं. लग्नाच्या आदल्या दिवशी नवऱ्याच्या किंवा नवरीच्या अंघोळीचं पाणी विहिरीवरून वाजतगाजत आणायचं, ही गावाची जुनी रीत. पहिली कळशी भरण्याआधी घरातली मोठी बाई विहिरीत विडा सोडते, पान आणि सुपारी. का सोडते? एलिसाला गावातल्या बायकांना विचारायचं होतं ते एवढंच. विचारायला जाण्याआधी तिने सराव म्हणून हे प्रश्न जेवणाच्या टेबलावर आईला विचारून पाहिले. झालं. पेपर घरातच फुटला.

लिडियाने उत्तर तयार केलं. कुठल्याशा जुन्या प्रवचनातलं थोडं घेतलं, थोडं स्वतःचं घातलं. "पाणी ही देवाची पहिली देणगी आहे. विडा सोडून आम्ही त्या देणगीचे आभार मानतो आणि नव्या संसारावर कृपा मागतो." छान, पवित्र, कुणाला बोट ठेवायला जागा नाही. मे महिना चालू होता. रोज संध्याकाळी पाड्यावरच्या क्रुसापाशी बायका रोझरीला, जपमाळेच्या प्रार्थनेला जमत, शेवटी लदीन ही लांबलचक आळवणी सुरात होई, मग उकडलेले चणे वाटत. त्या चण्यांच्या जोडीला टीचरने पाठांतर लावलं. पोरीची परीक्षा आहे म्हटल्यावर बायकांनीही मनावर घेतलं. गावातली पोर पहिल्यांदा एवढं शिकतेय, तिला नापास कोण होऊ देईल?

ऐंशी पार केलेल्या कतरीनबायने तेवढी एकदा कुरकुर केली. "पन टीचर, मी त विडा सोडते तो..."

"कतरीनबाय, उत्तर," लिडिया म्हणाली. कतरीनबायने चणा गिळला आणि उत्तर म्हटलं.

रेजिनाला तर तिने आधीच बाजूला घेतलं होतं. रेजिना कुवेतच्या हॉस्पिटलात नर्स होती, दोन वर्षांपूर्वी कायमची परत आली होती, आणि तिच्याकडे तिकडच्या एका लग्नाची भलतीच गोष्ट होती. "ते बाहेरचं," लिडियाने तिला बजावलं. "ती भेसळ आपल्यात नको." शिवाय सगळ्यांना ताकीद दिली, पोरीला आवाज रेकॉर्ड करू द्यायचा नाही. बोलताना कोणी अडखळलं तर ते कायमचं राहील.

एलिसा घरोघर फिरली, आणि जिथे जाईल तिथे तिला तेच उत्तर मिळालं. तिला शंका यायला हवी होती. पण माणसाला हवं तेच ऐकू आलं की शंका लांब पळते. ती घरी येऊन आनंदाने नाचायची तेवढी बाकी राहिली. "आय, विचार कर, घर बदललं, माणूस बदलला, तरी शब्द तेच! ही समाजाची स्मृती आहे. किती पिढ्या जपलीय यांनी!" प्रकरणाचा सगळा डोलारा तिने त्या एका वाक्यावर उभा केला. लिडियाने तिला दुसऱ्यांदा भात वाढला आणि मनात म्हणाली, माझ्या वर्गातलं कोणी कधी नापास झालेलं नाही.

फोन आला तो नोव्हेंबरात. एलिसा मागच्या अंगणात कपडे वाळत घालत होती, हात ओले म्हणून फोन स्पीकरवर टाकलेला. लिडिया आत बोंबील साफ करत होती. फोनवर विनया मॅडम होत्या, एलिसाच्या मार्गदर्शक. मूळच्या सोलापूरच्या, आवाज कधीही न चढवणाऱ्या. त्या रागावल्या असत्या तर बरं झालं असतं.

"एलिसा, प्रकरण वाचलं. एवढ्या बायका, आणि सगळ्यांच्या तोंडी एकच वाक्य? 'नव्या संसारावर कृपा' हे शब्दसुद्धा सगळ्यांचे? आणि ध्वनिमुद्रण एकही नाही. मला हे विचारायला नको वाटतं, पण उद्या परीक्षक विचारतील. तू या बायकांशी खरंच बोललीस ना?"

एलिसाच्या हातातला चिमटा खाली पडला. "बोलले, मॅडम."

"मग मी येऊन त्यांना एकदा भेटते. त्याशिवाय मला सही करता येणार नाही."

लिडियाच्या हातातला बोंबील तसाच राहिला. पोरीवर आळ आला होता. घरात बसून खोटं लिहिल्याचा आळ, आणि तोही आपल्यामुळे. सही नाही म्हणजे प्रबंध नाही, म्हणजे एवढ्या वर्षांचे कष्ट पाण्यात. पण सवय कुठे जाते? तिच्या मनात पहिला विचार आला तो हा, की अजून वेळ आहे, प्रत्येकीला वेगवेगळं उत्तर बसवता येईल. संध्याकाळी ती कतरीनबायच्या घरी गेलीसुद्धा.

कतरीनबायने हात जोडले. "आता दुसरा पाठ नाय होत गो टीचर. पयलाच कसाबसा झालाय."

मग लिडियाने एलिसाला सांगून टाकायचं ठरवलं. पण पोर उलट खुशीत होती. "येऊ दे मॅडमना," ती म्हणाली. "आपल्या बायका काय चीज आहेत ते त्यांना बघू दे. एकदा त्यांच्या तोंडून ऐकलं की प्रश्नच मिटला." एवढ्या विश्वासाने चमकणाऱ्या डोळ्यांपुढे काय बोलणार? लिडियाने पाहुणीसाठी सुकेळी, उन्हात वाळवलेली गोड केळी, काढून ठेवली.

मॅडम शनिवारी आल्या. एलिसा त्यांना वसईहून रिक्षाने घेऊन आली. ओट्यावर सतरंजी पसरली होती, बायका ठेवणीतली लुगडी नेसून, केसांत मोगरा माळून बसल्या होत्या. मॅडमनी चप्पल काढली, त्यांच्यात मांडी घालून बसल्या, सुकेळीचा तुकडा तोंडात टाकला, बाग कोणाची, केळी कुठे जातात, असं इकडचं तिकडचं विचारलं. मग सहज म्हणाल्या, "आजी, तो विहिरीत विडा सोडता ना, तो कशासाठी?"

कतरीनबाय ताठ बसली. हाताची घडी घातली. "पानी ही देवाची पयली देनगी आहे," ती म्हणाली, आणि शेवटच्या कृपेपर्यंत एका दमात गेली.

मॅडमनी दुसरीकडे पाहिलं. दुसरीने घडी घातली. "पानी ही देवाची पयली देनगी आहे." तिसरीनेही तेच, त्याच सुरात. चौथीला तर विचारावंसुद्धा लागलं नाही, तिसरी थांबली तशी तिने आपणहून सुरू केलं.

घरोघर वेगवेगळ्या दिवशी ऐकलेलं एलिसा आज पहिल्यांदा एका ओळीत ऐकत होती. तिचा चेहरा उतरत गेला. आता यात समाजाची स्मृती नव्हती, यात लहानपणीचा रविवारचा वर्ग होता, आणि त्या वर्गात ती स्वतःही बसलेली होती. पण मॅडमना कुठला वर्ग माहीत? त्यांना एवढंच दिसत होतं की पोरीने बायकांना पढवून बसवलंय. त्यांनी एलिसाकडे पाहिलं. त्या नजरेत राग नव्हता, कीव होती, आणि लिडियाला ती रागापेक्षा जास्त लागली.

"एलिसा," मॅडम हळूच म्हणाल्या, "आपण जरा आत बसून बोलू या का?"

आत गेल्यावर काय बोललं जाईल हे लिडियाला न ऐकताच कळलं. ती दारात उभी राहिली. समोर तिच्या सगळ्या बायका, बहुतेकींची पोरं तिने घडवलेली. त्यांच्यापुढे टीचर कधी चुकली नव्हती.

"आत नको, मॅडम," ती म्हणाली. "इथंच बोला. यांना मी शिकवलं. वाक्य माझं हाय. रेकॉर्ड करू देऊ नका हेपन मीच सांगितलं. पोरीला यातलं काय म्हाईत नव्हतं."

कतरीनबायने घाबरून इकडेतिकडे पाहिलं. "चुकलं का गो माझं?" तिने शेजारणीला विचारलं. "मी त बरोबर म्हनलं."

एलिसा आईकडे बघत राहिली. "मी सगळं त्याच्यावर उभं केलं, आय," ती म्हणाली. "सगळं." आणि पायऱ्या उतरून वाडीत चालती झाली.

लिडिया तिच्यामागे निघाली, पण मॅडमनी तिचा हात धरला. "थोडं थांबा. तिला एकटीला बसू दे." मग त्या कतरीनबायकडे वळल्या. "आजी, ते टीचरचं उत्तर झालं. तुमचं काय?"

कतरीनबायने परवानगीसाठी टीचरकडे पाहिलं. आयुष्यात लिडियाने पुष्कळ माना डोलावल्या असतील, पण ती मान हलवायला तिला फार जड गेलं.

"माझी सासू म्हनायची, विहिरीत एक बाई हाय," कतरीनबाय म्हणाली. "लग्नाचं पानी नेताना तिला इचारलं नाय त रुसते. मी काय कोनी बाई बघली नाय. पन इचारायला काय जातं?"

बायका हसल्या. बांध फुटला. एकीने सांगितलं, ती पान तेवढं सोडते, सुपारी कनवटीला लावते, वाया कशाला घालवायची. दुसरी म्हणाली, माझ्या दिराच्या लग्नात मी मुद्दाम नाही सोडला, त्याच्याशी माझं भांडण होतं. लिडिया ऐकत होती. इतकी वर्षं शेजारी राहून यातलं एक अक्षर तिला माहीत नव्हतं. तिने कधी विचारलंच नव्हतं, नेहमी सांगितलंच होतं.

शेवटी रेजिनाची पाळी आली. "कुवेतमध्ये विहीर कुठून आणणार, मॅडम? आमच्या फ्लॅटमध्ये बादली भरली. आपल्या शेजारच्या वाघोलीच्या पोरीचं लग्न होतं, तिकडे तिचं माझ्याशिवाय कोणी नव्हतं. मी विडा टाकला. नाइट ड्युटीला माझ्याबरोबर नायजेरियाची एक नर्स असायची. तिने पर्समधून त्यांच्याकडची सुपारी काढली, कोला नट म्हणतात. म्हणाली, आमच्यात प्रार्थना करून हे फोडल्याशिवाय कार्य सुरूच होत नाही. टाकलं तेपण बादलीत. मग फिलिपिनो मुलीने नाणी टाकली, त्यांच्या लग्नात नाणी लागतात. केरळची एक होती, तिने नवरीच्या साडीचे धागे काढून टाकले. चौघींनी चार भाषांत रोझरी म्हटली. पोरीने त्या पाण्याने अंघोळ केली आणि आम्ही ड्युटीवर गेलो."

मॅडम पुढे सरकल्या होत्या. "आणि हे एलिसाला का नाही सांगितलं?"

रेजिनाने खाली पाहिलं. "टीचर म्हणाल्या, ही भेसळ आहे."

"लिडियाताई," मॅडम पहिल्यांदाच हसल्या, "ज्याला तुम्ही भेसळ म्हणता ना, त्याच्यावर आमच्या अख्ख्या विषयाचं पोट चालतं." मग पुन्हा गंभीर झाल्या. "तिच्यावर माझा संशय नाही राहिला. पण हे प्रकरण जाणार. तिला मुदत वाढवून मिळेल, पण प्रत्येक घरी नव्याने जावं लागेल, आणि तुम्ही आसपास फिरकायचं नाही. ती जाईल की नाही, मला सांगता येत नाही. इथपर्यंत येऊन सोडून देणारी मुलं मी पाहिली आहेत."

एलिसा वाडीच्या टोकाला विहिरीच्या कठड्यावर बसली होती, पाठमोरी. लिडिया थोडी दूर उभी राहिली.

"सगळ्या गावाने मिळून मला फसवलं," एलिसा न वळता म्हणाली.

"फसवलं नाय गो. पास करीत होतो तुना."

"मी माझी माझी पास झाले नसते का? एवढाही भरवसा नव्हता तुझा?"

होता की भरवसा, असं म्हणणं सोपं होतं, पण ते खरं नव्हतं. तिचा भरवसा नेहमी पाठ केलेल्यावर होता, माणसावर नव्हता.

"मी सोडतेय, आय. पुन्हा त्याच दारांत जाऊन कुठल्या तोंडाने विचारू? कोण खरं सांगेल मला?"

लिडिया पुढे आली. चुकलं म्हणून भागणार नाही हे तिला कळत होतं. "मना इचार," ती म्हणाली.

"काय?"

"तोच प्रश्न. टेबलावर इचारलास तो सरावाचा होता. खरा कधी इचारलाच नाय तू मना."

एलिसा तशीच पाठमोरी, परक्या बाईला विचारावं तशी म्हणाली, "केविनदादाच्या लग्नात तू विहिरीत विडा का सोडलास?"

पाणी ही देवाची पहिली देणगी, हे शब्द आपोआप जिभेवर आले. लिडियाने ते परत आत ढकलले. ती कठड्याला धरून उभी राहिली.

"बँड वाजत होता," ती हळूहळू म्हणाली. "सगळ्या बायका नाचत होत्या. विडा हातात घेतला, आनि मना देव आठवला नाय. आभार नाय, किरपा नाय. मी म्हनलं, येनारी पोर माझ्या केविनला माझ्यापेक्षा जवळची होऊ दे. पन मना ते दिसू देऊ नको."

"कुणाला म्हणालीस?"

"कोनाला म्हाईत? खाली पानी होतं, त्याच्यात बघून म्हनलं. कन्फेशनला फादरलापन कधी सांगितलं नाय. धर्म शिकवनाऱ्या बाईने असलं मागायचं असतं काय? लाज वाटते. म्हनून त ते चांगलं वाक्य बनवलं. दुसऱ्या कोनाला असलं सांगायची पाळी नको."

एलिसा वळली. आईचा चेहरा तिने असा कधी पाहिला नव्हता. मघाचा राग अजून होता, पण आता त्याच्याशेजारी आणखी काहीतरी येऊन बसलं होतं.

"मग?" तिने विचारलं. "दिसतं का तुला?"

"रविवारी जेवायला येतात ना दोघं, तेव्हा. बोंबलाचा तुकडा आधी तिच्या ताटात वाढतो तो. पयले माझ्या ताटात वाढायचा." लिडियाने पदराने नाक पुसलं. "बरं वाटतं गो. खरंच बरं वाटतं. आनि लागतंपन."

वाडीत वॉल्टर कोणाला तरी हाका मारत होता. ओट्यावरून बायकांचं हसणं ऐकू येत होतं, मॅडमचंही.

"हे मी लिहिलं तर?" एलिसा म्हणाली. "आमच्यात नाव बदलून लिहितात. पण गावात कळेलच कोण ते. वहिनीलाही कळेल."

लिडियाने विचार केला. रविवारचा हॉल डोळ्यांपुढे आला, फादर आले, सून आली.

"लिही," ती म्हणाली. "आनि नाव बदलू नको. माझं हाय ते."

एलिसा कठड्यावरून उतरली, ओढणीने डोळे पुसले. "उद्या कतरीनबायकडे जाते," ती म्हणाली. "एकटी. तू यायचं नाहीस."

"नाय येत," लिडिया म्हणाली, आणि इतका वेळ आवरलेलं रडू तिला तेव्हा आलं.